पंखवाला टोस्टर

"रविवारपर्यंत या घरातला एक तरी टॉवेल कोरडा झाला नाही," इमारतीच्या सेक्रेटरींची बायको म्हणाली, "तर तुमची ती निळ्या पट्ट्यांची चड्डी मी पुढच्या बाल्कनीत टांगणार. मधोमध. चिमटे लावून."

ती हे ओरडून म्हणाली नाही, हीच भीतीची गोष्ट होती. ती पोहण्याच्या तलावावर शिकवायची. तिचा साधा आवाज तलावाच्या या काठावरून त्या काठावरच्या कामचुकार पोराला पाण्याबाहेर काढत असे. ती हळू बोलली, की घरातली भांडीसुद्धा वाजायची थांबत.

सेक्रेटरी त्या वेळी ओला मोजा घालत होते. घालत होते म्हणजे त्याची समजूत घालत होते.

"अगं, पण रविवारी सभा आहे," ते म्हणाले.

"म्हणूनच रविवार म्हटलं. मी दिवसभर पाण्यात असते हो. घरी आल्यावर तरी माणसानं कोरडं असावं की नाही?"

घर खरोखरच तलावाची शाखा झालं होतं. तलावावरचे टॉवेल, पोहण्याचे कपडे, सेक्रेटरींचे ऑफिसचे शर्ट, त्यांच्या वडिलांच्या लोकरी बंड्या, सगळं दारांवर, खुर्च्यांच्या पाठीवर, पडद्याच्या दांडीवर लोंबत होतं. बाहेर धड पाऊस पडत नव्हता आणि धड थांबतही नव्हता. आकाश ओल्या घोंगडीसारखं इमारतीवर टाकून कोणीतरी निघून गेलं होतं. कपडे वाळत नव्हते, नुसते जुने होत होते. वडिलांना तर एका संध्याकाळी दारात कोणी उभं आहे असं वाटलं, म्हणून त्यांनी दारावरच्या ओल्या कोटाला "या, बसा" म्हटलं. कोट बसला नाही याचं त्यांना थोडं वाईटही वाटलं.

आता बाल्कनीत कपडे घातले तर बिघडलं कुठं, असं कोणीही विचारील. बिघडलं ते सेक्रेटरींमुळेच. इमारतीत बिऱ्हाडं आठ, पण सेक्रेटरींनी केलेले नियम इतके, की एकेका बिऱ्हाडाच्या वाट्याला डझनानं यावेत. म्हणून लोक त्यांना समोर 'साहेब' म्हणत आणि माघारी 'नियमावली'. हे दुसरं नाव त्यांना ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं. इमारतीला नवा रंग दिल्यावर त्यांनीच बाल्कनीबंदी आणली होती. "बाल्कन्या म्हणजे इमारतीचा चेहरा. आपण आपल्या चेहऱ्यावर बनियन टांगतो का?" असा सवाल त्यांनी सभेत केला होता आणि तो कोणाला परतवता न आल्यामुळे ठराव मंजूर झाला होता. तेव्हा कडक ऊन होतं. उन्हात केलेल्या नियमांचं असंच असतं. ओल्या हवेत ते आटतात आणि करणाऱ्याच्याच गळ्याला आवळतात.

रविवारच्या सभेत ही बंदी उठवावी असा ठराव दंतवैद्यांनी मांडला होता. दंतवैद्य समोरच्या अंगाला, दुसऱ्या मजल्यावर राहत. इमारत काटकोनात वळलेली असल्यामुळे त्यांची बाल्कनी आणि सेक्रेटरींची बाल्कनी एकमेकींकडे सवतीसारख्या बघत असत. ठराव पास झाला, तर सेक्रेटरीपद सोडायचं असं सेक्रेटरींनी मनाशी ठरवून टाकलं होतं. पण त्याच सकाळी त्यांचीच चड्डी त्यांच्याच बाल्कनीत फडकली, तर पद सोडायचीही सोय राहणार नव्हती. ते पद स्वतःच त्यांना सोडून पळालं असतं.

थोडक्यात, रविवारच्या आत कपडे वाळायला हवे होते. घरात. आणि कोणाला न कळता.

सल्ला विचारायचा तर तो ऑफिसातच, आणि तोही 'माझ्या एका ओळखीच्यांना अडचण आहे' अशा वळणानं. ऑफिस विमा कंपनीचं. सेक्रेटरी दावे नाकारण्याच्या खात्यात होते. खात्याचं नाव वेगळं होतं, काम हे होतं. शेजारच्या टेबलवरच्यानं सांगितलं, की तुमच्या ओळखीच्यांना म्हणावं, खोलीत वाट्यांतून मीठ ठेवा, मीठ ओल पितं. टंकलेखिका म्हणाली, ओल्या कपड्याला सरळ इस्त्री करायची, घाबरायचं नाही. ऑफिसातले वरिष्ठ म्हणाले, "ओळखीच्यांना तो गरम होणारा स्टँड घ्यायला सांगा. कपडे वाळत घालायचा. विजेवर चालतो. आणि ओळखीच्यांना सांगा, मोजे फार वास मारताहेत."

गरम होणारा स्टँड म्हटल्यावर सेक्रेटरी सावध झाले. गेली कित्येक वर्षं शहरातली प्रत्येक घरगुती आग त्यांच्या टेबलावरून गेली होती. हीटरवर मोजे वाळवणाऱ्या गृहस्थाचा दावा त्यांनीच नाकारला होता. दिव्याच्या शेडवर रुमाल टाकणाऱ्या बाईंचाही. जगातली सगळी उपकरणं त्यांच्या दृष्टीनं दोनच प्रकारची होती: पेटलेली आणि अजून न पेटलेली. असा माणूस विजेवर तापणारी वस्तू विकत घ्यायला निघतो, तेव्हा ती खरेदी नसते. ते साक्षीदारांची उलटतपासणी घ्यायला निघालेलं न्यायालय असतं.

दुकानातल्या मुलीनं तीन प्रकार दाखवले. एक तीन मजली, उंच. दुसरा भिंतीला टेकवायचा, शिडीसारखा. तिसरा आडवा, दोन्ही बाजूंना पंख असलेला. घडी घातली की कपाटामागं जातो, उघडला की चिमणीला गरुड झाल्यासारखं वाटावं असा पसरतो.

"याच्या नळ्या किती तापतात?" सेक्रेटरींनी विचारलं.

"हात लावला तर चटका नाही बसत. कोमट."

"लोकर टाकली तर?"

"लोकर कोमट."

"समजा, कोणी म्हातारा माणूस यावर झोपला?"

मुलीनं वर पाहिलं. "का झोपेल?"

"मी विचारतोय."

"काका," ती शांतपणे म्हणाली, "तुम्हाला कपडे वाळवायचेत, की यावर खटला भरायचाय?"

सेक्रेटरींचा अभिमान दुखावला. पण दुखावलेला अभिमानही ओलाच असल्यामुळे त्यानं फारसा आवाज केला नाही. त्यांनी पंखवाला पसंत केला. घडी होते, म्हणजे लपवता येतो, एवढ्या एकाच गुणावर. अमुक तारखेला घरपोच पाठवा असं ते सांगणार, एवढ्यात त्यांना रांगेच्या टोकाला दंतवैद्यीणबाई दिसल्या. त्यांनाही सेक्रेटरी दिसले असावेत, कारण त्या चटकन एका फ्रीजच्या मागं झाल्या. सेक्रेटरी वळून शेजारच्या मांडणीपुढं ताठ उभे राहिले. तिथं टोस्टर होते.

फ्रीज काही फार रुंद नव्हता. बाई बाहेर आल्या.

"अय्या, साहेब! तुम्ही इकडे?"

"टोस्टर," सेक्रेटरी म्हणाले. समोर दिसत होतं तेच त्यांच्या तोंडून निघालं.

"मीपण टोस्टरच!" बाई जरा जास्तच आनंदानं म्हणाल्या. "आमच्या ह्यांना टोस्ट फार आवडतो."

दंतवैद्याला कडक टोस्ट आवडणं हे धंद्याच्या दृष्टीनं समजण्यासारखं होतं, म्हणून सेक्रेटरींना त्यात काही खटकलं नाही. दोघंही टोस्टर उलटेसुलटे करून बघत राहिली. दोघांपैकी आधी कोणी जाईना. शेवटी दोघांनाही एकेक टोस्टर विकत घ्यावा लागला आणि दोघंही बरोबरच बाहेर पडली. सेक्रेटरी पुढच्या कोपऱ्याला वळसा घालून परत दुकानात शिरले. स्टँड घेतला आणि मुलीची नजर चुकवत पत्ता लिहून दिला.

घरी बायकोनं टोस्टर पाहिला. "यात चड्डी उभी घालायची की आडवी?" तिनं विचारलं.

"स्टँड येतोय मागाहून."

"केव्हा?"

इथं दुसरी अडचण उभी राहिली, आणि तीही घरचीच. मोठी खोकी लिफ्टनं न्यायची नाहीत, मागच्या जिन्यानं न्यायची; आणि खोकं येण्याआधी त्यातल्या वस्तूचं वर्णन करणारा अर्ज सेक्रेटरींकडे देऊन परवानगी घ्यायची, ती परवानगी फलकावर लागायची, असा नियम होता. कोणी केला होता हे सांगायला नको. सेक्रेटरींना स्वतःच स्वतःला अर्ज करावा लागला. तो त्यांनी एकदा परत पाठवला, कारण त्यात वस्तूचं वर्णन मोघम होतं. ही हौस नव्हती. नियम वाकवणारा माणूस ते नव्हते आणि फसवणारा होणंही त्यांना जमत नव्हतं. बराच विचार करून दुसऱ्या अर्जात त्यांनी लिहिलं: 'उष्णता देणारे घरगुती उपकरण, ज्येष्ठ व्यक्तीच्या आरोग्यासाठी.' यात एक शब्दही खोटा नव्हता. घरात ओल होती, ओलीनं ज्येष्ठ व्यक्तीचे गुडघे दुखत होते.

फलकावर परवानगी लागली आणि इमारतीत बातमी झाली: साहेबांचे वडील गेल्यात जमा.

पहिल्या आल्या त्या भूगोलाच्या बाई. निवृत्त शिक्षिका, वरच्या मजल्यावर एकट्या राहत. दारावरची घंटा वाजताच सेक्रेटरींनी आणि बायकोनं धावाधाव करून हॉलमधले सगळे ओले कपडे कवेत घेतले आणि न्हाणीघरात कोंबले. दंतवैद्य आले, तेव्हा टॉवेल ओव्हनमध्ये गेले. तळमजल्यावरचा बेकरीवाला आला, तेव्हा जागाच उरली नव्हती. तेव्हा राहिलेलं सगळं वडिलांच्या पांघरुणाखाली सरकवलं.

"अरे, मला काय झालंय ते तरी सांग," वडील कुजबुजले. "म्हणजे तसं कण्हता येईल."

"काही झालेलं नाही. फक्त पडून राहा."

"पडून राहतो, पण खालचं ओलं आहे रे. लोक वेगळा अर्थ काढतील."

भूगोलाच्या बाई वडिलांच्या कपाळावर हात ठेवून म्हणाल्या, "ताप नाही, पण अंग दमट लागतंय. साहेब, यांना कोरड्या हवेच्या प्रदेशात न्या. डोंगराच्या पलीकडच्या बाजूला पाऊस कमी पडतो, कारण—" आणि कारण त्यांनी हातवारे करून अर्धा तास समजावलं. बेकरीवाल्यानं सांगितलं, "माझ्या भट्टीजवळ आणून बसवा, दोन दिवसांत टणटणीत होतील. पाव झाला तर माझी जबाबदारी नाही." दंतवैद्यांनी वडिलांना तोंड उघडायला सांगितलं. दुखणं कुठलंही असो, त्यांची सुरुवात तिथूनच व्हायची. तोंड उघडल्यावर त्यांनी एक दात हलवून पाहिला, मान हलवली आणि जाता जाता दारात म्हणाले, "साहेब, रविवारी भेटूच. बंदी उठलीच पाहिजे हो. ओल फार वाईट."

"नियम म्हणजे नियम," सेक्रेटरी म्हणाले. त्यांच्या मागं ओव्हनच्या दारातून टॉवेलचं एक टोक बाहेर आलेलं होतं. दंतवैद्यांनी ते पाहिलं की नाही, हे त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. सभ्य माणसाचं हेच वाईट. तो पाहतो, आणि सांगत नाही.

स्टँड आला. बायकोनं तो झोपायच्या खोलीत उघडला, पंख पसरले, टॉवेल टाकले आणि बटण दाबलं. सेक्रेटरी पाण्याची बादली घेऊन समोर खुर्चीवर बसले. स्टँड पेटला नाही. कोमट झाला. टॉवेलांतून वाफ निघू लागली. खोलीत एक उबदार, साबणाचा वास पसरला. वडील पांघरूण टाकून आले आणि खुर्ची ओढून स्टँडच्या पंखाखाली बसले, कोंबडीखाली पिल्लू बसावं तसे.

"यात जीव आहे रे," ते म्हणाले.

बायकोनं टॉवेलचं टोक गालाला लावून पाहिलं. कितीतरी दिवसांनी तिच्या खांद्यांचा ताण उतरलेला सेक्रेटरींना दिसला, आणि आपण दावे नाकारण्याखेरीज आयुष्यात दुसरंही काही करू शकतो असं त्यांना ओझरतं वाटून गेलं.

तेवढ्यात दिवे गेले.

घरातलेच नव्हे. जिन्यातले गेले, समोरच्या अंगाचे गेले. इमारतीचा मेन स्विच पडला होता. सेक्रेटरींनी झडप घालून स्टँडचं बटण बंद केलं. पण जिन्यातून आता हाका येत होत्या. लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली होती आणि आत भूगोलाच्या बाई होत्या.

सेक्रेटरी टॉर्च घेऊन धावले. बटण दाबणं आणि अंधार होणं यांत कार्यकारणभाव आहे की नाही, हे ठरवायला त्यांना चौकशीची गरज नव्हती. त्यांनी उभा जन्म असल्याच गोष्टींत घालवला होता. गुन्हेगार ते होते. आणि वर भूगोल अडकला होता.

वायरमन आला, मेन वर टाकला, लिफ्ट हलली. दार उघडून बाई बाहेर आल्या, त्या एकट्या नव्हत्या. त्यांच्या काखेत एक लांबलचक, चपटं, पुठ्ठ्याचं खोकं होतं.

"नकाशे," बाई कोणी विचारायच्या आतच म्हणाल्या. "जुने. भिंतीवरचे."

एवढं मोठं खोकं लिफ्टमधून! दुसरा कुठलाही दिवस असता, तर सेक्रेटरींनी अर्ज मागितला असता. पण आज त्यांच्या अंगात मोजमाप घ्यायचं बळ नव्हतं. "जपून न्या," ते म्हणाले. बाईंनी त्यांच्याकडे चमकून पाहिलं. इमारतीत आजवर या माणसानं कोणाला 'जपून' म्हटलेलं नव्हतं.

मेन त्यानंतर रोज पडू लागला. सेक्रेटरींनी स्टँड लावला की पडे. कधी लावला नाही तरी पडे. पण घाबरलेल्या माणसाला आपल्या बाजूचा पुरावा कुठं दिसतो? सगळ्यांनी सह्या करून सेक्रेटरींकडेच तक्रार दिली, की दोषी बिऱ्हाड शोधून काढावं आणि त्याचं नाव रविवारच्या सभेत जाहीर करावं. सेक्रेटरींनी तक्रार दाखल करून घेतली आणि चौकशी अधिकारी म्हणून स्वतःची नेमणूक केली. मग गच्चीच्या जिन्यात, टाकीशेजारी, एकटेच बसून त्यांनी स्वतःची जबानी घेतली. जबानी असमाधानकारक होती. आरोपी उडवाउडवीची उत्तरं देत होता.

बायकोपुढं ते एवढंच म्हणाले, "रविवारी सभा होईपर्यंत स्टँड लावायचा नाही."

"आणि कपडे?"

"जवळजवळ वाळलेत."

"जवळजवळ वाळलेला कपडा म्हणजे ओला कपडा," बायको म्हणाली. "चड्डी अजून पट्ट्यापट्ट्यांत ओली आहे. सभा अकराला ना? अकरापर्यंत वाट बघते."

रविवारी सकाळी खाली गाड्या लावायच्या जागेत पाणी साचलेलं होतं. खालची जागा वापरण्याजोगी नसेल तर सभा सेक्रेटरींच्या घरी भरवावी, असाही एक नियम होता. तो केला, तेव्हा त्यामागं यजमानाला मिळणारा मान होता. आता आठही बिऱ्हाडं त्यांच्या हॉलमध्ये दाटीवाटीनं बसली. झोपायच्या खोलीचं दार बंद होतं. दाराआड स्टँड होता, त्यावर कपडे होते, त्यांत ती चड्डी होती, आणि वडीलही होते. बटण बंद होतं. सेक्रेटरींनी ते स्वतः, दोनदा, हात लावून पाहिलं होतं.

दंतवैद्य उभे राहिले. "साहेब, ठराव मागून घेऊ. आधी चौकशीचा निकाल. रोज मेन पाडणारं बिऱ्हाड कुठलं?"

"चौकशी," सेक्रेटरी म्हणाले, "निर्णायक टप्प्यावर आहे."

"म्हणजे?"

"म्हणजे आरोपीवर नजर आहे."

हॉलमध्ये कोणीतरी खोकलं. भूगोलाच्या बाई छताकडे पाहू लागल्या. बेकरीवाल्यानं रुमालानं मान पुसली. सेक्रेटरींना वाटलं, सगळे आपल्याकडेच बघताहेत; आणि प्रत्येकाचा चेहरा असा होता, की त्यालाही तसंच वाटत असावं. पण भीतीला दुसऱ्याचा चेहरा वाचता येत नाही.

"माझी सूचना अशी," दंतवैद्य म्हणाले, आणि त्यांच्या बायकोनं त्यांचा कोट मागून ओढला, तरी ते म्हणाले, "की आत्ताच्या आत्ता प्रत्येक घर तपासावं. सुरुवात... सुरुवात कुठूनही करा. इथूनसुद्धा."

सेक्रेटरींच्या तोंडाला कोरड पडली. त्या घरात कितीतरी दिवसांत कोरडी पडलेली ती पहिली गोष्ट. त्यांनी बायकोकडे पाहिलं. ती घड्याळाकडे पाहत होती. आता उठून सांगून टाकावं, असं त्यांना वाटलं. चड्डी फडकण्यापेक्षा माणसानं स्वतःहून फडकलेलं बरं. ते उठले. "सभासदहो," ते म्हणाले, "मला एक सांगायचंय—"

"अरे!" दाराआडून वडिलांचा आवाज आला. "मला थंडी वाजत होती म्हणून मी हे लावलं. पण आता पाठ भाजायला लागली. बंद करू का रे?"

आणि दिवे गेले.

ढगाळ सकाळीही हॉल काळवंडला. सेक्रेटरी तसेच उभे होते, अर्धं वाक्य तोंडात धरून.

खालून वायरमन ओरडला. सेक्रेटरींनीच त्याला चौकशीसाठी मेनशेजारी बसवून ठेवलं होतं. "साहेब! ज्यांच्या ज्यांच्या घरी काही गरम लावलेलं असेल ते बंद करायला सांगा! त्याशिवाय मेन राहायचा नाही!"

बेकरीवाला उठला. "मी आपलं... दूध उतू जात असेल." तो गेला. "माझंही दूध," भूगोलाच्या बाई म्हणाल्या. "दूध," दंतवैद्यीणबाई म्हणाल्या आणि नवऱ्याला कोटासकट ओढत निघाल्या. बघता बघता हॉल रिकामा झाला. एवढं दूध त्या इमारतीत आजवर कधी आलं नव्हतं. जिन्यातून धावणाऱ्या पावलांचे आवाज आले. एकामागून एक दारं उघडली. आणि मग वरून, खालून, समोरून, सेक्रेटरींना अगदी ओळखीचा झालेला आवाज आला. घडी घालताना पंखांचा होतो तो: खट, खट. खट, खट. साऱ्या इमारतीभर.

वडील झोपायच्या खोलीच्या दारात येऊन उभे होते. त्यांनी कान दिला. त्यांना हल्ली कमी ऐकू यायचं, पण हे ऐकू आलं.

"सगळ्यांकडेच आहे की रे!" ते म्हणाले.

सेक्रेटरी मटकन खाली बसले.

दिवे आले. मंडळी एकेक करून परतली आणि आपापल्या जागी बसली. सगळ्यांच्या अंगाला तोच वास येत होता, कोमट साबणाचा. कोणी कोणाकडे बघेना. बंदी मोडली नव्हती कोणीच. तक्रार मात्र सगळ्यांनी केली होती, गुन्हाही सगळ्यांनी. आता कोणी तरी काहीतरी बोलायला हवं होतं, आणि ते काम सेक्रेटरींचं होतं.

त्यांनी घसा साफ केला. "चौकशीचा निकाल असा आहे," ते म्हणाले. सगळ्यांच्या माना खाली गेल्या. दंतवैद्यीणबाईंनी डोळे मिटले. सेक्रेटरींची नजर स्वयंपाकघराच्या ओट्याकडे गेली. तिथं तो होता, अजून खोक्याबाहेर न आलेला.

"टोस्टर," सेक्रेटरी म्हणाले.

त्यांनी इतिवृत्ताची वही उघडली.

"इमारतीत अलीकडे टोस्टरांची संख्या वाढलेली आहे. ते एकदम लावले जातात. दोष कुठल्याही एका बिऱ्हाडाचा नाही."

दंतवैद्यांनी हळूहळू वर पाहिलं. एवढ्या वर्षांत त्यांनी सेक्रेटरींकडे असं कधी पाहिलं नव्हतं. दाढ काढून झाल्यावर पेशंट ज्या नजरेनं डॉक्टरकडे बघतो, त्या नजरेनं ते बघत होते.

"आमच्याकडे आहे टोस्टर," ते म्हणाले.

"माझ्याकडे जरा मोठा आहे," भूगोलाच्या बाई म्हणाल्या.

"आमचा तीन मजली," बेकरीवाला म्हणाला. रोज शेकड्यानं पाव भाजणाऱ्या माणसाला टोस्टर कशाला, असं कोणीही विचारलं नाही. ती सभ्यता त्या सकाळी इमारतीत अचानक उगवली होती.

मग काम झपाट्यानं झालं. कोणाचा टोस्टर कुठल्या वारी लावायचा, याचं वेळापत्रक ठरलं. पोहण्याच्या तलावावर काम करणाऱ्यांना एक वार जास्त मिळावा, अशी सूचना खुद्द दंतवैद्यांनी मांडली. "तलावावरच्या लोकांना टोस्ट जास्त लागतो," असं कारण दिलं. सगळं इतिवृत्तात उतरलं. शेवटी सेक्रेटरींनी विचारलं, "आता बाल्कनीबंदी उठवण्याचा ठराव?"

दंतवैद्यांनी बायकोकडे पाहिलं. बायकोनं मान हलवली. "नाही, म्हणजे," ते म्हणाले, "आता सगळ्यांनी टोस्टर घेतलेच आहेत. बंदी उठली तर ते पडून राहतील. ठराव मागं घेतो." बंदी एकमतानं कायम झाली. हात वर करून. सेक्रेटरींच्या बायकोचा हात मात्र मांडीवरच होता, हे त्यांनी पाहिलं.

आणि तेव्हाच, कोणाला न विचारता, ऊन पडलं.

पडलं म्हणजे कोसळलं. ढग बाजूला सरले आणि खिडकीतून जमिनीवर एक पिवळाधमक चौकोन येऊन बसला. सगळे त्याच्याकडे बघत राहिले. मंडळी उठली आणि जरा घाईनंच आपापल्या घरी गेली.

सेक्रेटरी खुर्चीतच होते. आतून खट, खट असा आवाज आला. बायको स्टँड घेऊन बाहेर आली, पंख मिटलेला, आणि सरळ बाल्कनीत गेली. तिथं तिनं तो उघडला. टॉवेल टाकले. वरच्या नळीवर, मधोमध, तिनं निळ्या पट्ट्यांची चड्डी पसरली आणि चिमटे लावले.

"अगं," सेक्रेटरी कसेबसे म्हणाले, "बंदी आहे."

"कपडे वाळत घालायला बंदी आहे," बायको म्हणाली. "मी कुठं कपडे वाळत घालतेय? मी टोस्टर उन्हात ठेवतेय. तुमच्या इतिवृत्तात काय लिहिलंय, वाचा."

सेक्रेटरींनी जन्मभर लोकांचे दावे असल्याच वाक्यांवर नाकारले होते. वाक्य बरोबर होतं. त्यात कुठं बोट शिरवायला फट नव्हती. ते जागचे उठले, बाल्कनीच्या दारात आले, आणि त्यांनी हळूच बाहेर पाहिलं.

खाली बेकरीवाल्याच्या दारापुढं त्याचा तीन मजली उभा होता. भूगोलाच्या बाईंचे नकाशे पसरलेले होते आणि त्यांवर दोन पलंगपोस होते. आणि समोर, काटकोनात, दंतवैद्य आपल्या बाल्कनीत उभे होते. त्यांचाही पंखवालाच होता. त्याच्या वरच्या नळीवर एक लाल ठिपक्यांची चड्डी ऊन खात होती.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. मग एकमेकांच्या चड्ड्यांकडे पाहिलं. खाली रस्त्यावरून कोणीतरी मान वर करून बघत गेलं.

सेक्रेटरींनी खांदे ताठ केले.

"साहेब," समोरून दंतवैद्य म्हणाले, "टोस्टर छान आहे हो तुमचा!"

सेक्रेटरींनी एक चिमटा सरळ केला.

"तुमचाही," ते म्हणाले.